आडनावाची चौकट

१९ मार्च, शनिवार
सेंट जोसेफचा सण
नदीच्या थायलंडकडच्या काठावरून

लाडक्या मू,

तुला आणि तुझ्या घरधन्याला माझे आशीर्वाद. तुमच्याकडे अजून बर्फ असेल, पायात दोन-दोन मोजे घालत जा. इथे उन्हाने पत्रे तडतडताहेत.

बोर्डिंगात आजच्या दिवशी सिस्टर बेनिग्ना प्रत्येकीच्या तळहातावर गुळातल्या चिकट भाताचा गोळा ठेवायच्या आणि तू माझ्याही वाटचा खायचीस, आठवतं? त्याआधी ती लांबलचक प्रार्थना असायची, चांगलं मरण यावं, आपल्या माणसांच्या हातांत यावं म्हणून. तू ती पुटपुटून उरकायचीस, कारण तुझं लक्ष गोळ्याकडे. आज सकाळी मी म्हणायला बसले, तर अर्ध्यावर अडकले.

दवाखाना बरा आहे. भात मऊ असतो. काल अंबाडीच्या पाल्याचं कालवण होतं, पण त्यात साखर! आईने ताटच फेकलं असतं. नर्सबाई म्हणाली, अमेरिकेला फोन लावून देते, बहिणीशी बोला. मी नको म्हटलं. फोनवर तू मध्येच काहीतरी विचारतेस आणि मग मला ओळीने सांगता येत नाही.

तू तुझ्या लेरच्या बुटांचं माप मागितलं होतंस. बूट पाठवू नकोस.

शाळेवर तोफगोळा पडला हे तुला कळलं असेलच. लेरने मुलांना एकेक करून खंदकात उतरवलं आणि स्वतः उतरायचा राहिला. उजवी मांडी गेली. नऊ दिवस आम्ही चाललो, म्हणजे मी चालले आणि तो बैलगाडीत. नदीपाशी आलो तेव्हा जखमेला वास यायला लागला होता, पण पोराची जीभ शाबूत होती. "मावशी, आता मुलीकडच्यांना खुशाल सांग, नवरा पळून जायचा नाही."

पुलाच्या आपल्याकडच्या टोकाला एक छप्पर आहे, तिथे अर्ज करायचा. 'माणुसकीच्या नात्याने तात्पुरता प्रवेश' असं वर छापलंय. मुदत सात दिवस. एक रुग्ण आणि त्याच्यासोबत घरातलं एक माणूस. एकट्याला घेत नाहीत, आणि नातं कागदावर दिसावं लागतं.

रांगेत आमच्या पुढे एक म्हातारा नावाडी होता, पान खाऊन ओठ लाल, शेजारी दम्याची बायको. माझ्या हातातलं पेन बघून म्हणाला, "मास्तरीणबाई दिसताय. एक सांगतो, आडनावाच्या चौकटीत दोघांचं सारखं काहीतरी ठोकून द्या. मी आमच्या होडीचं नाव लिहिलंय. हिचंही तेच."

"आपल्यात आडनाव असतं कुठे?"

"म्हणून तर! जे नाहीच, ते काहीही असू शकतं."

त्याची बायको धापा टाकत म्हणाली, "चाळीस वर्षं झाली लग्नाला, आज मला होडी केली मेल्याने."

लेर हसला. मी हसले नाही. म्हटलं, मी कागदावर खोटं लिहीत नाही.

"मग निदान अक्षर चांगलं काढा," नावाडी म्हणाला.

अक्षर मी चांगलंच काढलं, मू. रिकामी जागा सोडायची नाही, रिकामी जागा म्हणजे आळस, हे तुझ्यासारखं मलाही पट्टी खाऊनच पाठ झालंय. पहिली चौकट आडनावाची होती. आपल्या नावातला पहिला शब्द मी पहिल्या चौकटीत बसवला. माझ्या अर्जात 'नॉ', लेरच्या अर्जात 'सॉ'.

खिडकीत एक तरुण बाई होती, स्वच्छ, शांत. तिच्या शेजारी आपली भाषा बोलणारा दुभाषी. तिने दोन्ही अर्ज समोरासमोर धरले.

"हा सॉ घराण्यातला. तुम्ही नॉ घराण्यातल्या. नातं काय?"

"मी मावशी."

"कागदावर दिसत नाही."

मी सांगितलं, अहो, ती घराणी नाहीत. बाई असली की नॉ, बाप्या असला की सॉ, एवढंच. दुभाष्याने जांभई दिली. "आजी, सकाळपासून अशा चाळीस गोष्टी ऐकल्यात मी. पुढच्यांना येऊ द्या."

आमच्या मागे झोळीत एक बाई कण्हत होती. पोटात पू झालेला, सोबत कोणी नाही, शेजाऱ्यांनी आणून ठेवलेली. नाव तामला. तिचाही अर्ज कोणीतरी माझ्यासारखाच भरला होता. खिडकीतल्या बाईने तो पाहिला, माझ्याकडे पाहिलं, आणि तिचा चेहरा उजळला. तिला खरंच बरं वाटलं, मू, कोणाचं तरी काम होतंय म्हणून.

"नॉ तामला, नॉ लूसिया. ही तुमची बहीण ना?"

लेर म्हणाला, "मावशी, तू जा पुढे. पलीकडून डॉक्टरची चिठ्ठी पाठव, मी मागून येतो." म्हणून मी हो म्हटलं.

वरची ओळ खोडायला पेन टेकवलं होतं. पण खोडत नाही, राहू दे, म्हणजे तुला दिसेल मी काय लिहिणार होते ते.

लेर असं म्हणाला नाही. त्याने माझ्या लुंगीचं टोक मुठीत धरलं होतं. "मावशी, नाही म्हण," एवढंच तो म्हणाला. तेवढ्यात मागच्या डोंगरातून तोफेचे दोन आवाज आले, एकामागोमाग. मी हो म्हटलं. मग त्याची बोटं सोडवली. ताप होता त्याला, तरी पकड घट्ट होती. एकेक बोट सोडवावं लागलं.

आणखी एक आहे. चार वर्षांपूर्वी तू लिहिलं होतंस ना, की तिकडच्या कचेरीने तुला मिसेस नॉ केलं आणि नवऱ्याला मिस्टर सॉ, आणि शेजारीण विचारते तुम्ही लग्न कधी करणार? अख्ख्या गल्लीला मी ते वाचून दाखवलं होतं. ते पत्र पुलावर माझ्या पिशवीत होतं. आपल्या कॉन्व्हेंटच्या इंग्रजीत लिहिलेलं. तुझी सही, आणि शेवटी 'माझ्या लेरला, तुझ्या भाच्याला, जप'. खिडकीतल्या बाईला ते वाचता आलं असतं. मला ते आठवलं, मू. पिशवीत हातही गेला होता. पण वाटलं, पत्र काढून ती गोंधळली आणि दोघांनाही नाही म्हणाली तर? मिळालेला होकार हातातून जाईल. मी हात रिकामाच बाहेर काढला.

इथल्या डॉक्टरकडून मी लेरसाठी चिठ्ठी लिहून घेतली. दुसऱ्या दिवशी सकाळी दिली त्यांनी. ती पुलावर पोचली की नाही, माहीत नाही.

तिसऱ्या दिवशी नावाडी बायकोला घेऊन इथे आला. होडीचं नाव चाललं. त्याने मला लेरचा अर्ज दिला, चार घड्या घातलेला. माझं वळणदार अक्षर आणि त्यावर आडवा शिक्का : नातं सिद्ध होत नाही.

"काल दुपारी," तो म्हणाला. "छपराच्या सावलीत ठेवलं होतं आम्ही. डोकं माझ्या मांडीवर होतं."

मी विचारलं, काही म्हणाला का?

"पाणी मागायचा. आणि पुलावरून कोणी येताना दिसलं की विचारायचा, मावशी आली का?"

छपरामागे मोठं झाड आहे, त्याखाली पुरलंय. फळीवर कोणाचा कोण म्हणून लिहायचं हे कोणाला ठाऊक नव्हतं, म्हणून ती कोरीच रोवली.

तू अमेरिकेला निघालीस तेव्हा तो सात वर्षांचा होता, गोवर निघालेला, आणि तुमची बस थांबायला तयार नव्हती. तेव्हा तू त्याची बोटं तुझ्या हातातून सोडवून माझ्या हातात दिली होतीस. मी ती कोणाच्याच हातात दिली नाहीत.

तामला वाचली. काल उठून बसली, भात खाल्ला, आणि मला 'ताई' म्हणाली. ती तुझ्यासारखंच ओढून म्हणते. उद्या माझा सातवा दिवस. मी परत गेले तर त्या झाडापर्यंत जाता येईल, पण सोबतीचं माणूस नाही म्हणून टाके ओले असतानाच तिलाही पुलापलीकडे सोडतील. दुपारी कारकून मुदतवाढीचा अर्ज घेऊन आला. नात्याच्या चौकटीत मी 'बहीण' लिहिलं आणि सही केली. अक्षर छान आलं.

तुला लिहिलेल्या या पत्राखाली मात्र मला तो शब्द लिहवत नाही. ही जागा मी आयुष्यात पहिल्यांदा रिकामी सोडते आहे. वाटलं तर तू भर.

तुझी .................

लूसी