बेचाळीस अधिक तीस

बाई,

तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली. एक गोष्ट सांगायची राहिली होती, ती आज लिहितो आहे.

स्वारगेटजवळच्या आपल्या शाळेत मी कात्रजच्या पलीकडच्या गावातून यायचो. 'आहे'च्या जागी 'हाय' म्हणालो की वर्ग हसायचा, तुम्ही हसायच्या नाहीत. फळ्यावरचं गणित माझ्या डोक्यात शिरायचं नाही, पण कोणी मोठ्यानं वाचलं की लगेच कळायचं. हे तुमच्या ध्यानात आलं आणि तुम्ही मला रविवारी घरी बोलावलंत. अजून दिसतं. मी तुमच्या स्वयंपाकघरात पाटावर बसलो आहे, तुम्ही माझ्याकडे पाठ करून विळीवर कांदा चिरताय. "वाच मोठ्यानं." मी वाचतो, तीन, कंसात क्ष अधिक पाच, म्हणजे तीन क्ष अधिक पाच. विळी थांबते. "पहिल्याच्या पानात वाढलंस आणि दुसऱ्याला उपाशी उठवलंस? छान. अरे, कंसाच्या दारात जो उभा आहे, त्यानं आतल्या अख्ख्या पंगतीला वाढायचं असतं." मी खोडून तीन क्ष अधिक पंधरा केलं. मग तुम्ही उलटं करायला लावलंत. बारा अधिक अठरा, दोघांत जे सामाईक असेल ते कंसाबाहेर काढ. मी दोन बाहेर काढले, कंसात सहा अधिक नऊ ठेवले आणि ऐटीत वाचून दाखवलं. तुम्ही वळूनसुद्धा पाहिलं नाहीत. "आत परत बघ. अजून काहीतरी सामाईक राहिलंय." होते, तीन. मग बाहेर सहा आले आणि आत दोन अधिक तीन उरले. "आता त्यांच्यात काढण्यासारखं काही नाही. आता सोड त्यांना." मसावि हा शब्द तुम्ही त्यानंतर सांगितलात. तोवर मला तो येत होता.

पुढे मी चालक झालो. दुसऱ्याच्या गाड्या चालवता चालवता स्वतःची एक जुनी बस घेतली. तेवढ्यात हिंजवडीला काचेच्या इमारती उठल्या, आणि संगणकावर काम करणाऱ्या पोरापोरींना घरून उचलून तिथे पोचवायचा एक नवाच धंदा शहरात आला. एकाच इमारतीतल्या दोन कंपन्यांनी मला बोलावलं. कात्रज-स्वारगेट बाजूची एकीची बेचाळीस माणसं, दुसरीची तीस. गाड्या मी नव्या घ्यायच्या होत्या, त्यासाठी बँकेकडे घर गहाण टाकायची तयारी ठेवली होती. त्याच सुमारास माझी जुनी बस कायमची बसली होती. हे काम गेलं असतं तर पुन्हा कुणाच्या तरी गाडीवर पगारी चालक.

समोर दोघं होते. एका कंपनीचे साहेब अस्सल सदाशिव पेठी, दुसरीच्या मॅडम तरुण, घाईतल्या. दोघांचा एकमेकांवर काडीचा विश्वास नाही. साहेब म्हणाले, "आधीच्या गाडीवाल्यानं यांची माणसं वेळेवर पोचवली आणि आमची दुपारच्या चहाला. उत्तम सेवा होती." मॅडम म्हणाल्या, "अहो, उलट आमच्या लोकांना कायम डबडा गाडी. आता प्रत्येक गाडीत दोन्हीकडची माणसं सेम प्रपोर्शनमध्ये हवीत. उशीर झाला तर सगळ्यांनाच होऊ दे." शिवाय मोठी बस दोघांनाही नको होती. ती गल्लोगल्ली माणसं गोळा करत फिरते. गाडी जितकी लहान तितकी बरी, पण एकही जागा रिकामी धावायला नको. "सांगा, कोणत्या गाड्या घेताय?" आणि दोघं घड्याळाकडे बघायला लागले.

मी कागद ओढला. बेचाळीस अधिक तीस. तीन बाहेर काढले, आत चौदा अधिक दहा. म्हटलं, "तीन गाड्या, चोवीस सीटच्या. प्रत्येकीत यांचे चौदा, तुमचे दहा." साहेबांनी मान डोलावली, पण मॅडमचा चेहरा खुलला नाही. "चोवीस जणांना गोळा करायचं म्हणजे बसच झाली की." मी सवयीनं तोंडातल्या तोंडात पुन्हा वाचलं, चौदा अधिक दहा, आणि बाई, मला विळी थांबल्यासारखी वाटली. आत दोन राहिले होते. ते बाहेर काढले. सहा, कंसात सात अधिक पाच. "सहा गाड्या, बारा सीटच्या. प्रत्येकीत सात आणि पाच."

मॅडम पुढे झुकल्या. "याहून लहान?"

"नाही होणार. सात आणि पाचात आता सामाईक काही नाही. आणखी तोडलं तर कोणावर तरी अन्याय होईल."

"आणि त्याहून लहान हवी असेल तर सहा आसनी रिक्षा आहेतच," साहेब म्हणाले. मॅडम पहिल्यांदा हसल्या. त्यांनी स्वतः कागदावर सहा सत्ते आणि सहा पाचे करून पाहिले. दोन्हीकडे वाढलं गेलं होतं, कोणी उपाशी नव्हतं.

ते काम मिळालं. आज माझ्या गाड्या खडकवासल्यापासून विमानतळापर्यंत धावतात. कुणाला कुठे बसवायचं ते आता संगणक ठरवतो, आणि बरं ठरवतो. पण नवीन पोरगं कामाला आलं की मी त्याला आधी हिशोब मोठ्यानं वाचायला लावतो. मागे माझी मुलगी म्हणाली, बाबा, तुम्ही सगळ्यांशी पाठ करून का बोलता? मी म्हटलं, शिकवताना तसंच बोलतात.

हे पत्र कुठे पाठवणार? लिहून झालं की कपाटात ठेवीन. फक्त एक सांगायचं राहिलं. त्या दिवशी सह्यांचे कागद आणायला माणूस गेला, तेव्हा साहेबांनी विचारलं, "हे कुठे शिकलात हो?" तुम्हाला जाऊन तेव्हा महिनासुद्धा झाला नव्हता. मी नुसतं "शाळेत" म्हणालो आणि पाणी मागितलं. तुमचं नाव तोंडातून निघालं असतं तर मला रडू आवरलं नसतं, आणि सह्या अजून व्हायच्या होत्या.