सहा पॉइंटातलं व्याज

ती. दाजी,

साष्टांग नमस्कार. (कंबर धरली आहे, त्यामुळे तो खुर्चीत बसूनच घातला आहे, तरी पूर्ण समजावा.) तुमचा गुडघा कसा आहे? अक्काचा खोकला? इकडे सगळं ठीक, म्हणजे तसं लिहायची पद्धत आहे म्हणून. खरं तर आठ दिवस छापखान्याच्या दारात कुणी गणवेशातला दिसला की मी कागदाच्या गठ्ठ्यांमागे जाऊन बसतो. काल तो पोस्टमन निघाला. त्यानं मला तिथून शोधून काढून सही घेतली, वर 'काय हरवलं का?' असंही विचारलं.

भानगड तुम्हाला थोडी ठाऊक आहे. कटिंग मशीनसाठी मी शेठकडून सहा लाख घेतले. शेठ तोंडानं म्हणाला, महिना एक टक्का. पुढे लोक लग्नाची आमंत्रणंही मोबाईलवर धाडायला लागले, माझे हप्ते थकले आणि शेठनं दावा ठोकला चौदा लाखांचा! म्हणे करारात लिहिलंय, हप्ता चुकला की महिना तीन टक्के, तेही व्याजावर व्याज. माझे डोळे पांढरे झाले. येत्या सोमवारी निकाल आहे. विरुद्ध गेला तर मशिनं जातील, आणि ती गेली की छापखान्यात उरणार मी आणि भिंतीवरचं घड्याळ (तेही बंद आहे).

आमचे वकील मात्र खुशीत होते. त्यांचं म्हणणं सरळ: ही तीन टक्क्यांची ओळ इतक्या बारीक अक्षरात आहे की साध्या माणसाला ती वाचताच येऊ नये, दर अन्यायाचा आहे, कोर्टानं तो कमी करावा. मला बजावलं, पिंजऱ्यात उभं राहून एवढंच म्हणायचं, 'दिसलं नाही, वाचलं नाही.' चार शब्द. मी ते घरी आरशापुढे पाठ केले. बायको म्हणाली, चेहरा थोडा पडू द्या; मी म्हटलं, बाई गं, तो आता वर येतच नाही.

गेल्या मंगळवारी उभा राहिलो. शेठचा वकील गोड बोलणारा. (गोड बोलणाऱ्या वकिलापासून देव वाचवो.) त्यानं कराराचा कागद माझ्या हातात दिला. मी चारही शब्द बिनचूक म्हटले. तो मान डोलावून म्हणाला, तुमचं खरं आहे हो, छपाईच इतकी भिकार आहे, अक्षरं फुटलीत, शाई पसरलीय, कोण वाचणार!

दाजी, तिथं माझं डोकं फिरलं. शाई पसरलीय? मी कागद उजेडात धरला आणि भर कोर्टात म्हणालो, साहेब, सहा पॉइंटात, एवढ्या बारीक टायपात, एक तरी वेलांटी फुटलेली दाखवा, धंदा सोडून देतो! असं काम गावात दुसऱ्या कुणी करून दाखवावं. शेठच्या करारांचे फॉर्म दहा वर्षं मीच छापतोय. (सगळं एका पानात बसव, कागद वाचेल, असं शेठच म्हणाला होता; मग ती ओळ बारीक कुणी केली असेल ते सांगायला नको.) प्रुफं कोण तपासतं, त्यानं हळूच विचारलं. मी छाती काढून सांगितलं, मी स्वतः, तीन-तीनदा.

मग आमच्या वकिलांनी फाइल मिटली. न्यायाधीश हसले, आणि मी काय बोलून बसलो ते मला तेव्हा कुठे उमगलं. बाहेर आल्यावर वकील म्हणाले, 'तुम्ही मुके असता तर आपण जिंकलो असतो.' आता म्हणतात, कोर्टाला दर जाचक वाटला तर तो अजूनही कमी होऊ शकतो. पण हे सांगता सांगताच त्यांनी उरलेली फी मागितली, त्यामुळे होता तेवढा धीरही सुटला.

असो. काळजी नसावी. मी खंबीर आहे. अक्काला नमस्कार, पोरांना आशीर्वाद.

तुमचा
(अजून तरी छापखानेवाला) मेहुणा

ता. क. – अक्काला हे पत्र दाखवू नये.

ता. क. दुसरा – अक्काला का दाखवू नये, ते सांगायचं राहिलं. करारावर तुमची एक सही आहे, आठवते? साक्षीदार म्हणून, दोन मिनिटांचं काम, असं मी म्हणालो होतो. ती जामीनदाराची आहे. माझ्या मशिनांनी भागलं नाही तर शेठ तुमच्या घराकडे वळेल. त्या दिवशी तुम्ही चष्मा विसरला होतात. 'तू वाचलंयस ना रे?' एवढं विचारून सही केलीत. मी हो म्हटलं. खरंच वाचलं होतं, दाजी, आणि त्याचीच लाज वाटते.

ता. क. शेवटचा – न्यायाधीशांपेक्षा मला तुमची भीती जास्त वाटते, म्हणून आठ दिवस हे पत्र लिहितोय आणि फाडतोय. सोमवारी अकरा वाजता कोर्टात याल का? चार शिव्या द्यायला तरी या. मला तिथं एकट्याला उभं राहवणार नाही.