पाच बहिणींचं कीर्तन

आई, उद्या संध्याकाळी मी आपल्या मशिदीत कीर्तनाला उभी राहणार आहे. खाली. पहिल्यापासून खाली! सकाळपासून माझे पाय जमिनीवर नाहीत. दूध उतू गेलं ते गेलं, आता भातही तळाला लागलाय, तरी हातातल्या चिपळ्या सुटत नाहीत. नात म्हणते, "आजी, सिनेगॉग म्हण ना, मशीद काय म्हणतेस?" तिला काय सांगणार, आपण बेने इस्रायली पिढ्यान्‌पिढ्या मशीदच म्हणत आलो. आणि मला विचारायला कोण आलं होतं माहितीये? मंडळाच्या अध्यक्ष बाई! हो, बाई. बस खाली, घोटभर पाणी पी, मग पुढचं वाच.

मला तुझं ते कीर्तन आठवतंय. मी तेरा-चौदा वर्षांची असेन. परळच्या चाळीत आपली ती खोली, बाबा रेल्वेच्या वर्कशॉपमध्ये, आणि सगळ्या गिरणगावाच्या तोंडी एकच घोषणा, 'मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र झालाच पाहिजे!' दर हनुक्याच्या सणाला मशिदीच्या अंगणात मांडव पडायचा आणि बाबा कीर्तन करायचे. त्या वर्षी आख्यान होतं वाळवंटातल्या पाच बहिणींचं. बाप मुलगा नसताना मेला, जमिनीची वाटणी पुरुषांच्या नावावर चाललेली, तेव्हा त्या पाचजणी सगळ्या जमातीसमोर, देवाचा निरोप आणणाऱ्या नबीपुढे जाऊन उभ्या राहिल्या, म्हणाल्या, आमचा वाटा द्या. आणि देवानेच सांगितलं, पोरी बरोबर बोलतायत. तू पोळ्या लाटायचीस, बाबा पेटीवर सूर धरायचे, आणि तव्यावरची पोळी उलटता उलटता तू ओरडायचीस, "अहो, तिसरी बहीण चिडलेली आहे, तिला असं गोड गोड काय गायला लावता!" प्रत्येक बहिणीला एक पद, आणि पाचही पदं तू रचलेली. मशिदीच्या फळ्यावर नाव मात्र बाबांचं. मी एकदा विचारलं की बायका वर सज्ज्यात का बसतात, तर लाटणं दाखवून म्हणालीस, "उगाच फाटे फोडू नकोस."

आणि मग गुरुवारी बाबा शिवाजी पार्कच्या सभेला गेले. तू बजावलं होतंस, रविवारी कीर्तन आहे, घोषणा बेताने द्या. बाबा आणि बेताने! परत आले ते घसा खलास करून. मीठपाण्याच्या गुळण्या झाल्या, हळद-दूध झालं, काळे मनुके झाले, आणि रविवारी सकाळी त्यांच्या गळ्यातून जे निघालं ते ऐकून शेजारच्या मालवणी मावशी म्हणाल्या, "शिरा पडली त्या घोषणांवर, ह्यो माणूस की बोको?" त्यात जमावबंदी लागलेली. अंगणातला मांडव रद्द, कीर्तन आत मशिदीतच घ्यायचं ठरलं. आणि आत म्हटलं की पुरुष खाली, बायका वर. मुकादमकाका, म्हणजे मशिदीचे प्रमुख, कीर्तन रद्द करा म्हणाले. तेव्हा तू पदर खोचलास आणि म्हणालीस, "रद्द कशाला? मला सगळं पाठ आहे."

काका हनुवटी खाजवत म्हणाले, "वहिनी, बाई खाली येऊन उभी राहिली असं आजवर झालेलं नाही." मला वाटलं तू भांडशील किंवा रडशील. तू यातलं काहीच केलं नाहीस. "नाही ना येत? मग नाही येत. मी वरूनच करते," असं म्हणालीस आणि चिपळ्या घेऊन तरातरा जिना चढलीस. नियम मोडला नाही, तर अडवणार कसं? बाबा खाली पेटी घेऊन बसले, तोंडावर असं हसू की घसा बसल्याचं काही दुःखच नाही.

तू सुरू करतेस. आजही मला ते दिसतं. तू सज्ज्याच्या कठड्याशी, दाराच्या वरच्या बाजूला, नऊवारीत, आणि खाली पन्नास टोप्या एकदम मागे वळतात. पहिल्या बहिणीचं पद संपेपर्यंत म्हातारे मान चोळायला लागले. दुसरीला बाकं करकरली, लोक सरळ उलटेच बसले. आणि मग मुकादमकाका ताडकन उभे! "अरे, हेखालकडे पाठ! त्या कपाटात तोरा आहे, आपला पवित्र ग्रंथ, आणि तुम्ही सगळे पाठ करून बसलात?" झालं. हेखालकडे तोंड करावं तर बाई दिसत नाही, वर बघावं तर पवित्र ग्रंथाकडे पाठ, आणि आख्यान अर्ध्यावर सोडायला कुणी तयार नाही. काका एकदा हेखालकडे बघतात, एकदा तुझ्याकडे. शेवटी कपाळाला हात लावून म्हणाले, "वहिनी, या बाई खाली. तुम्ही इकडे उभ्या राहा, म्हणजे आमची तोंडं तरी नीट दिशेला होतील."

आई, तू उतरलीस! मी तुझ्या मागे झांजा घेऊन. आणि मग काय झालं, तू सज्ज्याखालून पुढे गेलीस तशा वरच्या पुढच्या बायका कठड्याला चिकटल्या आणि मागच्यांना काही दिसेना. मुकादमकाकूच आधी उठल्या. "आम्ही काय भिंत बघायची का?" असं म्हणत त्या जिना उतरल्या, त्यांच्यामागे पोरंबाळं काखेत घेऊन सगळ्याच. कडेकडेने उभ्या राहिल्या, मग बाकांवर टेकल्या. काका काकूंसाठी जरा सरकले. आणि पाचव्या बहिणीला तू जे केलंस ना! पद सोडून दिलंस, चिपळ्या वर धरल्यास आणि खड्या आवाजात म्हणालीस, "आमचा वाटा..." आणि सहा महिने रस्त्यात घोषणा देऊन सवय जडलेले ते सगळे पुरुष, एका दमात, "मिळालाच पाहिजे!" काकासुद्धा! मग त्यांना कळलं आपण काय बोललो. पण तोवर दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा छप्पर दणाणलं होतं, आणि बाबा बिचारे नुसते ओठ हलवत पेटीवर हात आपटत होते. मी आनंदाने रडत होते गं, वेड्यासारखी. माझी आई! पोळ्या लाटणारी माझी आई!

पुढच्या शनिवारच्या प्रार्थनेला मात्र सगळ्याजणी पुन्हा वर. जिना चढणारी पहिली तूच होतीस. मला इतका राग आला, मी पायरीवर अडून बसले. तू वाकून माझ्या कानात म्हणालीस, "एका दिवसात सगळं ओढलं तर हातात नुसती चिंधी येते. चल." तुझं बरोबर होतं की नव्हतं, मला अजून ठरवता आलेलं नाही. पुढल्या वर्षी बाबांचा घसा ठणठणीत होता, आणि फळ्यावर पुन्हा त्यांचं नाव होतं. तुझं एकदाही आलं नाही. उद्याच्या फळ्यावर माझं नाव आहे, आणि त्याच्याखाली, 'पदं' असं लिहून, तुझं. मी स्वतः जाऊन खडूने लिहून आले. दोनदा गिरवलं.

आता एक कबूल करते. चौथ्या बहिणीचं पद मला आठवत नाही. बाकी चारही झोपेत म्हणेन, पण चौथीचं कुठे हरवलं कुणास ठाऊक. विचारणार कुणाला? तेव्हाची माणसं निम्मी इस्रायलला गेली, निम्मी तुझ्याकडे. म्हणून चौथीचं पद मी रचलंय. ती नबीला म्हणते, वाटा दिलात, उपकार झाले, पण आता पुन्हा तंबूच्या मागे जाऊन बसा म्हणू नका. चाल तुझीच आहे, शब्द माझे. या पत्राला पत्ता असता तरी मी ते टाकलं नसतं, आई. तू ती ओळ बदलायला लावली असतीस, आणि मी बदलली असती.