सिमेंटसारखी भिंत

मंगळवार, पिंप्राळा

काल रंगवलेली हॉलची भिंत आज हिरवट दिसली. मी राखाडी सांगितला होता. भरताची वांगी भाजून झाल्यावर काड्यांची राख उरते ना, तसा. पेंटर सुभाषभाऊंना विचारलं, तर खाली बघत म्हणाले, "नानांनी थोडा पिवळा टाकायला लावला."

नाना माझा थोरला भाऊ. वास्तुशांतीसाठी भडगावहून आलाय. परवाच नमुन्याचा पट्टा पाहून बोलला होता, "बाई, हाई ते सिमिटमायक दिखस. लोकेसले वाटी, घर अर्धच राही गये."

लोकांना वाटू दे. बावीस वर्षं भाड्याच्या खोल्यांत घरमालकांनी निवडलेला पिवळा पाहिला. आता माझ्या घरातही तोच?

पिवळ्याची बाटली कपाटात ठेवून कुलूप लावलं. पांढऱ्याची नवी बादली उघडली. सुभाषभाऊंनी काळा थेंब थेंब सोडला, मी ढवळत बसले. हा रंग ओला असताना फिका दिसतो, वाळला की गडद होतो. म्हणून दर वेळी बोटभर पट्टा ओढून पंख्याखाली वाळवला. चौथा पट्टा बरोबर राखेचा उतरला. नाना दारात उभा राहून बघत होता. त्याचा राग आला का? आला. माझ्या काळजीपोटीच करतो, याचा जास्त आला.

संध्याकाळी भिंत पूर्ण झाली, तेवढ्यात शेजारच्या अक्का डोकावल्या. "प्लास्टर छान झालंय. रंग कधी देणार?"

नानाने माझ्याकडे पाहिलं, जिंकल्यासारखं.

"दिला की," मी म्हटलं. "या आत. फक्त हात लावू नका, ओला आहे अजून."