चौथी आठवण

५ जानेवारी
जी गोष्ट आपल्या हातून घडलीच नाही, तिची लाज वाटू शकते का? मुलाखतीत मला हा प्रश्न विचारला होता. मला उत्तर येत नव्हतं आणि मी तसं सांगून टाकलं. विभागप्रमुख मॅडम हसून म्हणाल्या की आम्हालाही येत नाही, म्हणून तर पगार मिळतो. नोकरी पक्की.

आज पहिला दिवस. मन आणि आकलन यांचा अभ्यास करणारा आमचा विभाग तिसऱ्या मजल्यावर आहे. एक लांब खोली, पाच टेबलं आणि टोकाला काचेची छोटी खोली, जिथे लोकांना बसवून प्रश्न विचारतात. मेंदूची छायाचित्रं काढणाऱ्या एक डॉक्टर आहेत, एक भाषेचे अभ्यासक, एक संगणकवाला आणि एक तत्त्वज्ञ. चौघांची भांडणं चहाच्या किटलीपाशी होतात. आज तत्त्वज्ञांचा प्रश्न होता की पाणी उकळलंय हे किटलीला कळतं का. संगणकवाला म्हणाला, वेळेवर बंद होते ना, मग कळून करायचंय काय तिला. हसताना माझा चहा सांडला.

घरी फोन केला. बाबांनी गल्लीभर सांगून टाकलंय की पोरगी डोक्याची डॉक्टर झाली. शेजारच्या काकूंनी अर्धशिशीवर गोळीसुद्धा विचारून ठेवली आहे. घरातली पहिली पदवीधर, त्यामुळे खोडून काढायचं जिवावर येतं. आईने नेहमीचंच विचारलं, जेवलीस का.

१२ जानेवारी
काम समजलं. चौदा माणसं निवडली आहेत, चाळिशीपासून सत्तरीपर्यंतची. प्रत्येकाच्या लहानपणच्या तीन खऱ्या घटना घरच्यांकडून मागवल्या आहेत. त्यांत एक खोटी मिसळायची, चौदाही जणांना तीच. तिला इथे नुसतं ‘चौथी’ म्हणतात. दर आठवड्याला एक अशा तीन बैठका, आणि प्रत्येक वेळी विचारायचं की चौथीतलं काय आठवतंय. शेवटी ती खोटी होती हे सांगून माफी मागायची, तसा नियमच आहे. मॅडम म्हणाल्या, आठवण किती सहज फसते हे सिद्ध झालं तर कोर्टात चुकीच्या साक्षीवर निरपराध माणूस अडकणार नाही. मला भरून आलं. असंच काहीतरी करायचं होतं मला.

चौथी लिहिण्याचं काम माझ्याकडे. अट एकच, ती पूर्णपणे मनाने रचलेली हवी. कोणाच्याही आयुष्यातून उसनी घ्यायची नाही.

१८ जानेवारी
माझ्या पाच चौथ्या परत आल्या. बाजारात हरवणं, कुत्रा चावणं, असलंच होतं सगळं. मॅडम म्हणाल्या की यात जीव नाही, लाज वाटेल असं लिही, लाज लवकर मुरते. चार वाजेपर्यंत कागद हवा होता. साडेतीनला मी माझीच गोष्ट लिहिली.

ती इथेही लिहून ठेवते, कारण आजवर कोणाला सांगितलेली नाही. मी सातवीत होते. शाळेत विज्ञान प्रदर्शन होतं आणि माझा तक्ता घरी राहिला. आई तेव्हा एका खानावळीत भांडी घासायची. हातातलं काम टाकून ती तक्ता घेऊन धावत आली. तिच्या ओल्या हातांनी शाई फरकाटली होती. मैत्रिणींच्या देखत शिक्षिकेने विचारलं, या कोण. मी म्हणाले, या आमच्याकडे भांडी घासायला येतात. आईने ऐकलं. म्हणाली, हो बाई, मी यांच्याकडे कामाला आहे. तक्ता टेबलावर ठेवून निघून गेली.

अकरा वर्षं झाली. तिने कधी विषय काढला नाही. मी दर सुट्टीत माफी मागायचं ठरवून घरी जाते आणि न मागता परत येते.

कागदावर आईचं उत्तर लिहिलं नाही. तेवढं वाक्य स्वतःपाशी ठेवलं. मॅडमना मजकूर फार आवडला. त्यांनी विचारलं, रचलेलाच आहे ना. मी हो म्हणाले.

२५ जानेवारी
पहिली बैठक. कोणालाच चौथी आठवली नाही. चौदांतले एक शिंपीकाका तर खो खो हसले. म्हणाले, ताई, माझ्या आईला माझी इयत्ता माहीत नव्हती, तक्ता कुठला आणते. मला उगाच हायसं वाटलं.

१ फेब्रुवारी
दुसरी बैठक. चौदापैकी नऊ जणांना आठवलं. शिंपीकाका मान वर करेनात. त्यांनी सांगितलं की आई गुरुजींना म्हणाली, हो, मी यांच्याकडे कामाला आहे.

मी कागद पाहिला. कागदावर ते नाही.

दुपारी परिचारिका आल्या, सरकारी दवाखान्यात वीस वर्षं काम केलेल्या, तोंडाने फटकळ. त्यांनीही तेच वाक्य सांगितलं, शब्दाला शब्द. माझ्याच तोंडून निसटलं असेल म्हणून सगळ्या ध्वनिफिती दोनदा ऐकल्या. नाही निसटलं.

३ फेब्रुवारी
चौदांतले निवृत्त पोस्टमास्तर वेळ न ठरवताच आले. त्यांना आणखी आठवलं होतं. म्हणाले, आई तडक कामावर गेली नाही. शाळेच्या फाटकाबाहेरच्या नळावर बसून तळहात घासत राहिली. शाई केव्हाच गेली होती, तरी घासत होती.

हे मलाही माहीत नाही. मी तर आत होते.

घरी फोन करून आडून विचारलं की माझ्या शाळेबाहेर नळ होता का. आईने उलट विचारलं, तुला कोणी सांगितलं.

तोच क्षण होता. माफी मागायला एक वाक्य पुरलं असतं. मी म्हणाले, आवाज तुटतोय, आणि फोन ठेवला.

८ फेब्रुवारी
तिसरी बैठक. चौदाच्या चौदा. नियमाप्रमाणे सांगितलं की हे घडलेलं नाही, मी लिहिलंय, माफ करा. एकानेही मानलं नाही. शिंपीकाकांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. म्हणाले, माझं मन राखतेयस, पोरी, कळतंय मला. परिचारिका खवळल्या. केलंय ते मी, तू कोण टिकलीएवढी खोटं ठरवणारी, असं म्हणून निघून गेल्या. पोस्टमास्तरांनी एवढंच विचारलं की ती हल्ली कुठे राहते. त्यांच्या आईला जाऊन तीस वर्षं झाली, अर्जात लिहिलंय. मी तसं म्हटलं. ते म्हणाले, ती नव्हे. नळावरची.

मॅडम खूश आहेत. असा निकाल कोणालाच मिळालेला नाही म्हणे. गोष्ट माझी होती हे सांगितलं तर सगळा अभ्यास रद्द होईल आणि मी घरी. बाबा गल्लीत काय सांगतील. मी गप्प बसले. चौदा माणसं माझं ओझं घेऊन हिंडताहेत आणि मी गप्प बसले.

१२ फेब्रुवारी
आईने आपणहून फोन केला. आनंदात होती. एक शिंपी आला होता, पायांवर डोकं ठेवून रडला. म्हणाली, बिचारा, प्रदर्शनात माझी लाज वाटली होती त्याला, इतकी वर्षं मनात धरून बसला. मी कधीच माफ केलं होतं, आज तोंडाने सांगितलं.

मी म्हटलं, आई, ती मी होते.

ती हसली. म्हणाली, तू कशाला असं करशील, वेडे, तू माझी गुणाची पोर.

१४ फेब्रुवारी
परिचारिकाही आईकडे जाऊन आल्या. पोस्टमास्तरही. ते आईपेक्षा वीस वर्षांनी मोठे. आई त्यांना बाळ म्हणते. पत्ता मी कोणालाच दिलेला नाही. अर्जात नाही, कुठेच नाही—

१६ फेब्रुवारी
घरी जाऊन आले. भिंतीला टेकून सगळे ओळीने बसलेले, आणि आई एकेकाला विचारतेय, जेवलास का, जेवलीस का. सर्वांदेखत ओरडून सांगितलं की ते मी म्हणाले होते, मी. कोणी रागावलं नाही. शिंपीकाका सरकले, मला जागा करून दिली. आई बाबांना म्हणाली, हिला कामाचा ताण दिसतोय.

माफी मागितली. खरंच मागितली, पाय धरून. आईला कळेना कशाबद्दल.

१९ फेब्रुवारी
शिक्षिकेचा चेहरा आठवत नाही. शाई निळी की काळी— १८ जानेवारीचं पान वाचते. अक्षर माझं. गोष्ट दुसऱ्याच कोणाची तरी.

लाज शोधतेय. जिथे दुखायचं तिथे बोट ठेवून पाहते. काही नाही. हलकं वाटतं. हे हलकेपण—

आईला अशा खोट्या समजुतीत ठेवायचं नाही. तिचं दुःख खरं होतं. ते कोणी दिलं हे एका तरी माणसाला नीट आठवायला हवं.

२२ फेब्रुवारी
मॅडमना खरं सांगितलं. अभ्यास रद्द. मी पंधरावा अर्ज भरला, स्वतःच्या नावाने. तीन खऱ्या घटना बाबांनी सांगितल्या. चौथी मी लिहिली, या वेळी आईच्या वाक्यासकट. मॅडम नको म्हणत होत्या. मी सही करून खुर्चीत जाऊन बसले.

पहिल्या बैठकीत काही आठवलं नाही.

१ मार्च
थोडं. दार. ओले हात. बस, एवढंच—

८ मार्च
तिसरी बैठक झाली. आता खोलीवर आले. विसरायच्या आत लिहिते.

आठवलं. सगळं. शाई निळीच. आई दारात, धापा टाकत. शिक्षिकेने विचारलं, या कोण. आणि मी पुढे झाले, तिचा ओला हात धरला, सगळ्यांसमोर म्हणाले, ही माझी आई—

नाही. पानावर असं नाहीये. पान समोर उघडं आहे, त्यावर लिहिलंय की मी म्हणाले, या आमच्याकडे

हात धरल्याचं इतकं स्पष्ट— बोटं सुरकुतलेली, गार— तिने माझा हात दाबला आणि

नाही. मी म्हणाले होते की या आमच्या