ट्रंक रिकामी आहे!

३ एप्रिल, अबकैक (सौदी), कंपनीचा कॅम्प

तोच सिनेमा आज एकोणिसाव्यांदा. फ्रेंच, मूक, अंदाजे १९०९चा. सुरुवातीची पाटी गहाळ, म्हणून नाव ठाऊक नाही. जाड्या प्रवासी ट्रंक घेऊन आगगाडीमागे धावतो — मासळीच्या हातगाडीवर आदळतो, हौदात पडतो, शेवटी गाडी मिळते ती भलत्याच गावची! माझा रूममेट नागेश हसून लोळला.

मी हसलो नाही. ट्रंक रिकामी आहे!

४ एप्रिल

नागेश म्हणे, "दादा, तुम्ही काय उघडून बघितलीत?"

खांदा बघ, म्हटलं. खरं वजन उचलताना माणूस आधी उलट बाजूला कलतो, मगच पाय टाकतो. हा तोंड वेडंवाकडं करतो, खांदा मात्र सरळ. मला कुणी शिकवलेलं नाही. सव्वीस वर्षं पंप-व्हॉल्व उचलतोय, तेवढं पुरे.

१० एप्रिल

प्रयोग केला. नागेशच्या बॅगेत वाळू, बरोबर तीस किलो — लगेजच्या खिशात मावणाऱ्या काट्याला लटकवून मोजून. कॉरिडॉरमध्ये तीन फेऱ्या, मोबाईलवर शूटिंग. "यल्ला नागेश, गाडी सुटली!" सगळे ओरडत होते. तिसऱ्या फेरीत गडी पोछ्याच्या बादलीत! पण कलला तिन्ही वेळा. सिद्ध!

मे महिन्यात मराठी मंडळात हे करून दाखवायचं. नागेशशिवाय कोण पडणार इतकं सुरेख? बाकीचे तर मी सिनेमा लावला की उठून जातात.

१२ एप्रिल

नागेशचा इकामा, म्हणजे इथला राहण्याचा परवाना, संपत आलाय. विचारलं. "होईल हो रिन्यू. आधी महिनाभर गावी जाऊन येतो."

१६ एप्रिल

उद्या त्याची फ्लाइट. रजेवर निघालेल्या माणसाची खजूर, ब्लँकेट, साबण भरलेली खोकी असतात, दोरीने आवळलेली. याची एकच बॅग. "चार कपडे आहेत, दादा. एकदम हलकी."

१७ एप्रिल

सकाळी बस आली. नागेशने शीळ घालत एका हाताने बॅग उचलली. चेहऱ्यावर हसू — अभिनय चांगला. पण आधी डावीकडे कलला, मग पाय टाकला.

फळीवर त्याचा कुकर नव्हता. रजेवर जाताना कुकर कोण नेतं?

"पंधरा मेच्या आत ये," म्हटलं. "हौदाचा सीन बसवायचा राहिलाय."

"येतो ना, दादा."

काटा माझ्या खिशातच होता. वजन केलं नाही.