आवाज न गेलेला अर्धा तास

तांपेरे, ऑक्टोबर

प्रिय तुइया,

तुझं पत्र काल दुपारी मिळालं. संग्रहालयाला तुझ्या बाबांच्या त्या मुक्या कार्यक्रमाची फिल्म सापडली आहे आणि हिवाळ्यात त्यांना ती एका अंधाऱ्या खोलीत, 'शांतता' असं नाव देऊन, एन्सियो वार्पुलाची सर्वश्रेष्ठ रचना म्हणून दाखवायची आहे. बाबा आता नाहीत, म्हणून त्यासाठी त्यांना तुझी सही हवी. सही करण्याआधी तू मला विचारतेस, सिल्वीमावशी, तू तेव्हा स्टुडिओत होतीस, बाबांचे ओठ सारखे हलताना दिसतात, ते काय बोलत होते? आणि खाली लिहितेस की, आईलाही ठाऊक नाही म्हणते. हे वाक्य वाचलं आणि मी चष्मा काढून ठेवला. तुझ्या आईला, हेल्काला, ठाऊक नाही? मी तर इतकी वर्षं समजत होते की ते फक्त तिला आणि मलाच ठाऊक आहे.

सांगते. पण मला सगळं मुळापासून सांगायची खोड आहे, तेवढं सोस. इकडे पहिला बर्फ पडून वितळून गेला, अंगणात सगळा चिखल आहे आणि माझा गुडघा मला घराबाहेर पडू देत नाही, तेव्हा वेळच वेळ आहे.

मी एन्सियोला प्रथम पाहिलं ते तळ्याकाठच्या नाचाच्या मांडवात. हेलसिंकीत नन्सच्या शाळेत शिकून मी इथे टेलिव्हिजनमध्ये नोकरीला आले होते. गुडघे जुळवून बसायचं, दुसऱ्याचं बोलणं पुरतं ऐकायचं आणि मग उत्तर द्यायचं, हे सिस्टर्सनी आमच्यात इतकं मुरवलं होतं की मांडवातही मी तशीच बाकावर बसले होते. एन्सियो बँडमध्ये अ‍ॅकॉर्डियन वाजवत होता. टँगोच्या मध्येच तो भाता नुसताच उघडत-मिटत राहिला. सूर नाही, फक्त श्वासासारखा आवाज. नाचणारे थबकले. बँडचा म्होरक्या ओरडला, "वार्पुला, पैसे सुरांचे घेतोस की हवेचे?" एन्सियो म्हणाला, "हवा फुकट आहे, सूर मोजून घे." मग माझ्याकडे पाहून त्याने विचारलं, "काय मदर सुपीरियर, तुम्हाला काय जास्त आवडलं?" मी प्रामाणिकपणे सांगितलं की हवा. त्या दिवसापासून मी त्याची मदर सुपीरियर झाले ती कायमची.

हा माणूस काय काय करत असे, मला कधी पुरतं कळलं नाही, आणि म्हणूनच त्याच्याबद्दलचं कुतूहल कधी सरलं नाही. रविवारी आजारी ऑर्गनवादकाच्या जागी चर्चमध्ये वाजवी, सोमवारी सॉसेजच्या जाहिरातीसाठी चाल बांधी, मंगळवारी करवतीवर व्हायोलिनचा गज फिरवून शेजाऱ्यांच्या कुत्र्यांना रडवी. जॅझवाले म्हणत तो चर्चवाला, चर्चवाले म्हणत तो वाया गेलेला. तो म्हणे, "मी फक्त बघतोय, हे काय आहे ते." तुझ्या आईला मात्र ते बघायला लागत नसे. तिला ऐकताक्षणी कळे.

तू तेव्हा रांगत होतीस, तुला आठवणार नाही. तळं नुकतंच गोठलं होतं. नवा बर्फ ताणला की कण्हतो, शीळ घालतो, बोलतो, हे तुला काय सांगायचं. एन्सियो काठावर उभा राहून टेपरेकॉर्डरचा मायक्रोफोन हवेत धरून होता आणि वाऱ्याला शिव्या देत होता. हेल्का आणि मी सौनाच्या वाफेच्या खोलीतून वाफाळत बाहेर आलो. हेल्का क्षणभर उभी राहिली आणि म्हणाली, "वरून काय ऐकतोयस? ते खाली चाललंय." ती घरात गेली, भांडी घासायचा रबरी हातमोजा घेऊन आली, मायक्रोफोन त्यात घालून मनगटाशी दोऱ्याने आवळला, पाणी शिरू नये म्हणून लोणी फासलं आणि सौनानंतर बुडी मारायला बर्फात पाडलेल्या भोकातून सोडला पाण्यात. अंगावर टॉवेल, पायात लोकरीचे मोजे. एन्सियोने कानाला हेडफोन लावले आणि तो मटकन बर्फावरच बसला.

पुढचं सगळं तुमच्या स्वयंपाकघरात झालं. हेल्का गिरणीत शिवणकाम करायची, तिच्या डोळ्यांना बेतण्याची सवय. ती ऐकायची, खडूने खूण करायची, कपडे बेतायच्या कात्रीने टेप कापायची आणि तुकडे वाळत घालायच्या दोरीला चिमट्याने लावायची. तुझे लंगोट आणि टेपचे तुकडे एकाच दोरीवर. एन्सियो एखादा तुकडा उचलून दुसरीकडे लावायला गेला की म्हणायची, "तो बाहीचा आहे, गळ्याला कशाला लावतोस?" आणि तो निमूट जागेवर ठेवायचा. मी कॉफी पीत हे पाहत बसायची. मला त्यातलं काही कळत नव्हतं, पण कोण कुणाचं ऐकतंय ते कळत होतं.

ते तुकडे जोडून झालेल्या रचनेला परदेशात मोठं बक्षीस मिळालं. टेपच्या डब्यावर एकच नाव होतं. कुणी कपटाने लिहिलं नव्हतं. डबा पाठवायचा होता, त्याने स्वतःचं नाव लिहिलं, तिने पाहिलं आणि ती काही बोलली नाही. ती बोलली नाही म्हणून त्यानेही विचारलं नाही. आपल्याकडे घरं अशीच चालतात, आणि अशीच मोडतात. बक्षिसामुळे तो टेलिव्हिजनवर आला. घरातली एखादी वस्तू घेऊन या आणि तिचा आवाज मला ऐकवा, हा त्याचा कार्यक्रम. पोस्टातली बाई कॉफीची गिरणी घेऊन आली होती, एक म्हातारा नावाडी रिकामी बादली. तो प्रश्न विचारतच नसे. नुसता बघत बसे, आणि समोरचा माणूस शेवटी त्या बादलीबद्दल सांगता सांगता आपल्या बायकोबद्दल सांगायला लागे. सगळा देश गुरुवारी संध्याकाळी ते पाहायचा. हेल्का पाहायची नाही. ती का गेली, तुला घेऊन स्वीडनला, ते मी सांगणार नाही. मला तिने सांगितलेलं नाही आणि तुझ्या बाबांनी कधी विचारलेलं नाही.

तुम्ही गेल्यानंतरच्या थंडीतला तो गुरुवार. माझं काम कॅमेऱ्याशेजारी खाली बसून उरलेला वेळ बोटांनी दाखवण्याचं. पाहुणा बर्फात अडकला होता, आला नाही. एन्सियो म्हणाला, "असू दे, मी एकटा बसतो." लाल दिवा लागला आणि तो बोलायला लागला. मला स्पष्ट ऐकू येत होतं, कारण मी त्याच्यापासून हातभर अंतरावर होते. कॅमेरावाल्यांच्या कानांवर हेडफोन होते, त्यांत वरच्या नियंत्रण-खोलीतल्या सूचना. वरच्या खोलीत मात्र आवाजच पोचत नव्हता. कुठली तरी वायर निसटली होती. दिग्दर्शक पाआवो पडद्यावर त्याचे हलणारे ओठ पाहत होता आणि त्याला वाटलं, एन्सियोने पुन्हा काहीतरी नवीन काढलंय, नेहमीप्रमाणे आपल्याला न सांगता. कार्यक्रम संपल्यावर तो खाली येऊन म्हणाला, "निदान मला तरी आधी सांगायचं होतंस. पण चांगलं झालं." एन्सियो म्हणाला, "काय चांगलं झालं?"

तुइया, टेलिव्हिजनला त्या संध्याकाळी एकही फोन आला नाही. दुसरा देश असता तर लोकांनी सेट बदडले असते. आपल्या लोकांनी शांतपणे अर्धा तास एका माणसाला आवाजाविना बोलताना पाहिलं, कॉफी प्यायले आणि झोपले. दुसऱ्या दिवशी पेपरात लेख आला की, बोलण्याच्या व्यर्थतेवर इतकं धारदार भाष्य आजवर झालेलं नाही. दुकानात वाणी त्याला म्हणाला, "काल छान गप्प बसलात. आमच्या सासूबाईंनीही पाहिलं, गप्प कसं बसतात ते त्यांना दाखवायचंच होतं." एन्सियोने लोणी घेतलं आणि तो स्टुडिओत परत आला. मी म्हटलं, पुढच्या गुरुवारी पुन्हा सांग. तो म्हणाला, "मी सांगितलं ना एकदा." मी म्हटलं, कुणी ऐकलं नाही. तसा तो म्हणाला, "तुम्ही ऐकलंत, मदर सुपीरियर. हेल्काला मी स्वतः सांगेन. तुम्ही मध्ये पडू नका." मी पडले नाही. मला शिकवणच तशी होती, आणि त्याने सांगितलं असेलच असं मी धरून चालले. त्यानंतरच्या वर्षी तो दोनदा बोटीने स्वीडनला जाऊन आला. तिथे तुझ्या आईच्या स्वयंपाकघरात बसून त्याने काय केलं असेल, हे आता तुझ्या पत्रावरून कळतंय. तो कॉफी पिऊन, ती बोलायची वाट पाहून, परत आला असणार.

तो हे बोलला होता. शब्द जवळजवळ हेच आहेत, कारण मी ऐकायला शिकलेली बाई आहे. "आज पाहुणा नाही, तेव्हा एक गोष्ट तिच्या जागेवर लावून घेतो. तळ्याखालच्या ज्या आवाजासाठी तुम्ही मला ओळखता, तो हेल्काचा आहे. तिने ऐकलं, तिने बुडवलं, तिने कापलं. मी टेपरेकॉर्डर वाहून नेला. माझ्या मुलीचा फ्रॉक आणि ती रचना एकाच कात्रीने बेतली गेली, आणि दोन्हींत माझा एक टाका नाही. डब्यावर मी माझं नाव लिहिलं तेव्हा ती शेजारी उभी होती. मी वाट पाहिली की ती काही म्हणेल. ती वाट पाहत होती की मी काही म्हणेन. आता मी म्हणतो आहे." त्यानंतर तो तिच्याबद्दलच बोलत राहिला, तिला पावलांवरून माणूस कसा ओळखू येतो, ती शिवताना गुणगुणते तेव्हा कुठला सूर लागतो. मी शेवटचं बोट दाखवलं तेव्हा त्याने मान हलवली आणि म्हणाला, "एवढंच."

आता सहीचं. ती तू कर असं मी म्हणत नाही, आणि करू नकोस असंही म्हणत नाही. ती फिल्म तुझी नाही, माझी नाही, संग्रहालयाची तर नाहीच. तुझ्या प्रश्नाचं उत्तर फोनवर पाच मिनिटांत देता आलं असतं. पण तू लिहिलं आहेस की आई आता स्वीडिश विसरत चालली आहे, तिथल्या नर्सेसशीही फिनिशमध्येच बोलते, आणि तिचे कान मात्र शाबूत आहेत. म्हणून हे लिहून काढलं. रविवारी तिच्याकडे जाशील तेव्हा पत्र बरोबर घेऊन जा. वरची माझी बडबड गाळलीस तरी चालेल. तो जे बोलला तेवढं तिला वाचून दाखव, सावकाश, तो सावकाश बोलत होता. मग तिला विचार, संग्रहालयातल्या त्या अंधाऱ्या खोलीच्या दारावर काय लिहायचं. ती लगेच काही बोलणार नाही. तू मात्र उठू नकोस, आणि तिच्याऐवजी बोलूही नकोस.

तुझीच,
सिल्वीमावशी